हायडी: बावन्न रविवारांची मालिका पन्नास वर्षं कशी टिकली

जपानच्या फुजी टीव्हीवर ६ जानेवारी १९७४ च्या रविवारी, संध्याकाळी साडेसात वाजता एक नवी कार्टून मालिका सुरू झाली. नाव होतं 'आल्प्सची मुलगी हायडी'. त्याच वर्षी २९ डिसेंबरला ती संपली. बावन्न आठवडे, बावन्न भाग. पैसा कॅल्पिस या शीतपेयाच्या कंपनीचा होता. रविवारची ती वेळ तिनेच धरून ठेवली होती आणि याआधी त्याच वेळेत मूमिन, अँडरसनच्या गोष्टी वगैरे येऊन गेल्या होत्या. त्या काळी मुलांच्या मालिकेचं नशीब ठरलेलं असे. एकदा दाखवायची, चाललीच तर सुट्टीत पुन्हा दाखवायची, मग फिल्मचे डबे गोदामात. पुढे ते डबे कुणी उघडेल असं कुणाच्या मनातही नसायचं.

२०२४ मध्ये हायडीला पन्नास वर्षं झाली. सगळे बावन्न भाग मूळ आवाजासकट शाबूत आहेत, विकले जातात, दाखवले जातात. जपानमधली आजची शाळकरी मुलंही तो लाल झगा आणि आखूड काळे केस लगेच ओळखतात.

'गोष्टच तशी चांगली होती' हे उत्तर मला पुरेसं वाटत नाही. चांगल्या गोष्टी त्या दशकात ढिगाने झाल्या आणि ढिगानेच हरवल्या. हायडीच्या बाबतीत दोन वेगळे धागे एकत्र आले. पडद्यावर जे दिसतं ते ज्या पद्धतीने बनलं तो एक, आणि पडद्यामागची मालकी ज्या वळणाने गेली तो दुसरा. पहिल्याबद्दल पुष्कळ लिहिलं जातं, दुसऱ्याबद्दल फारसं कुणी बोलत नाही.

आधी घर पाहायचं, मग काढायचं

मूळ कादंबरी स्विस लेखिका योहाना श्पिरी यांची. पहिला भाग १८८० चा, दुसरा १८८१ चा. आईवडील गेलेली पाच वर्षांची मुलगी डोंगरावर एकट्या राहणाऱ्या तिरसट आजोबांकडे येऊन पडते, तिथे रुजते, मग तिला फ्रँकफर्टच्या श्रीमंत घरात नेलं जातं. त्या घरात चाकाच्या खुर्चीला खिळलेली क्लारा असते. हायडी डोंगराच्या आठवणीने झुरते आणि शेवटी परत येते.

निर्माते शिगेतो ताकाहाशी यांच्या डोक्यात हायडी बरीच वर्षं घोळत होती. त्यांच्या 'झुइयो' या संस्थेत १९७३ मध्ये तिघे जण आले: दिग्दर्शक इसाओ ताकाहाता, पात्रांना रूप देणारे योइची कोताबे आणि हायाओ मियाझाकी. (ताकाहाता आणि मियाझाकी यांनीच पुढे घिबली हा जगप्रसिद्ध कार्टून स्टुडिओ उभा केला.) तिघेही तोएई स्टुडिओ सोडून १९७१ मध्ये 'पिप्पी लाँगस्टॉकिंग'वर मालिका करायला बाहेर पडले होते. मियाझाकी त्यासाठी स्वीडनला जाऊनही आले, पण लेखिका अॅस्ट्रिड लिंडग्रेन यांची परवानगी काही मिळाली नाही. गाडं तिथेच अडलं. मात्र मुलाचं रोजचं जगणं, खाणंपिणं, खेळणं, घरातली कामं हाच विषय धरून कार्टून कसं करायचं याचा विचार त्यांचा तेव्हाच झाला होता. हायडीला तो आयता मिळाला.

१९७३ च्या उन्हाळ्यात ही मंडळी स्वित्झर्लंडला गेली. माइनफेल्ड गाव, त्यावरचा डोंगर, तिथली लाकडी घरं, कुरणं, आणि पुढे जर्मनीतलं फ्रँकफर्ट. टीव्हीच्या कार्टूनसाठी परदेशी जाऊन जागा पाहून यायची ही तेव्हा जवळजवळ न ऐकलेली चैन होती. कोताबेंनी आधी हायडीला वेण्या काढल्या होत्या. झुरिचमध्ये श्पिरीच्या जाणकारांशी बोलताना प्रश्न निघाला: डोंगरावर एकटा राहणारा म्हातारा रोज सकाळी नातीच्या वेण्या घालत बसेल का? वेण्या गेल्या, आखूड केस आले. साधी शंका, पण या मालिकेचा सगळा स्वभाव तिच्यात आहे. पात्र गोड दिसतं की नाही हे नंतर पाहायचं, आधी त्याचं बारा महिन्यांचं आयुष्य डोळ्यांपुढे आणायचं.

मियाझाकींकडे काम आलं ते लेआउटचं. म्हणजे प्रत्येक शॉटमध्ये कॅमेरा कुठे, घर कुठे, माणूस किती मोठा, जिना कुठल्या बाजूला, हे सगळं आधी एका कागदावर नक्की करायचं. त्या कागदावरूनच मग पार्श्वभूमी रंगवणारे आणि हालचाल काढणारे आपापलं काम करणार. एका भागात सुमारे ३०० शॉट. दर आठवड्याला एक भाग. आणि सगळे बावन्न भाग एकाच माणसाने काढलेले. कोताबेंनीही सगळ्या भागांची रेखाटनं स्वतः तपासली. पार्श्वभूमीचा कारभार मासाहिरो इओका यांच्याकडे होता. बऱ्याच भागांचे स्टोरीबोर्ड, म्हणजे शॉटवार चित्रांतले कच्चे आराखडे, योशियुकी तोमिनो यांचे आहेत. हेच तोमिनो पाच वर्षांनी यंत्रमानवांच्या लढायांची 'गंडम' घेऊन आले. माणसाला पोटासाठी काय काय काढावं लागतं!

एका हातचे लेआउट असल्याचा परिणाम पाहणाऱ्याला कळत नाही, पण होतो जरूर. चार-पाच भाग पाहिले की आजोबांच्या झोपडीत आपण डोळे मिटून फिरू शकतो. दार इथे, चूल तिथे, माळ्यावर चढायची शिडी या अंगाला, मागे वाऱ्याने घोंघावणारी फरची तीन झाडं. मुलांना गोष्टीतली जागा जागच्या जागी राहिलेली फार आवडते. त्या काळच्या बहुतेक मालिकांत घराचं दार आठवड्यागणिक सरकत असे.

सुरुवातीच्या गाण्यात हायडी आणि शेळ्या राखणारा तिचा मित्र पीटर हात धरून उड्या मारत गोल फिरतात. तो तुकडा यासुजी मोरी यांनी काढला. त्यांना नमुना हवा होता, म्हणून मियाझाकी आणि कोताबे या दोन बाप्यांनी गाड्या लावायच्या जागेत एकमेकांचे हात धरून तशा उड्या मारल्या आणि त्याचं आठ मिलिमीटरच्या कॅमेऱ्यावर चित्रण केलं गेलं. पडद्यावर ज्या मुलांकडे पाहून सगळं जग हसलं, त्यांच्या आत हे दोघे आहेत.

काहीच घडत नाही त्या भागांबद्दल

पहिला भाग नीट पाहिला की मालिकेची चाल कळते. डेटेमावशी हायडीला डोंगरावर घेऊन निघाली आहे. गाठोडं वाहायला नको म्हणून तिने पोरीचे असतील नसतील ते सगळे कपडे एकावर एक तिच्याच अंगावर चढवलेत. उन्हाळा आहे. पोर लाल झाली आहे, धापा टाकतेय, पाय उचलत नाही. वाटेत गुराखी पीटर आणि त्याच्या शेळ्या भेटतात. शेळ्या उड्या मारत वर जातात, हायडी त्यांच्याकडे पाहत राहते. मग एक एक करून शाल, वरचा झगा, आतला झगा, बूट, मोजे, सगळं वाटेवर उतरतं आणि पांढऱ्या आतल्या कपड्यांवर ती शेळ्यांमागे धावत सुटते. संवाद जवळजवळ नाहीत. प्रसंग कादंबरीतलाच आहे. ताकाहातांनी फक्त त्याला वेळ दिला. कपडे उतरताना पोरीचा चेहरा कसा मोकळा होत जातो, हे पाहायला आपल्याला थांबवलं.

दुसऱ्या भागात हायडी घरात येते. माळ्यावर वाळलेल्या गवताची गादी करायची, त्यावर चादर अंथरायची, आजोबा तिच्यासाठी उंच खुर्ची ठोकून तयार करतात. मग चीज. लांब काट्याला टोचलेला चीजचा तुकडा चुलीच्या विस्तवासमोर धरलेला, त्याचा वरचा थर आधी चकाकतो, मग फुगतो, मग ओघळायला लागतो, आणि ओघळायच्या नेमक्या आधी आजोबा तो पावावर उतरवतात. जपानमध्ये त्या चीजचं वेड आजही ओसरलेलं नाही. मला त्यात भाव खाऊन जातो तो आजोबांचा हात. चीज किती भाजायचं हे त्याला पाठ आहे, आणि चित्रकाराने ते नुसत्या मनगटाच्या हालचालीत दाखवलंय.

अशा गतीने चाललेल्या गोष्टीत मोठं दुःख आलं की ते खरं वाटतं. हायडी अठराव्या भागात डोंगर सोडते आणि परत पोचेपर्यंत चौतिसावा भाग उजाडतो. म्हणजे १९७४ च्या प्रेक्षकांना जवळपास चार महिने तिच्याबरोबर फ्रँकफर्टमध्ये कोंडून राहावं लागलं. खिडकीतून फक्त भिंती दिसतात, क्लाराच्या घरच्या कारभारीण रॉटेनमायरबाई सतत डाफरतात, मुलगी झोपेत चालायला लागते आणि घरात भूत असल्याचा बोभाटा होतो. आजच्या हिशोबाने कुणीही निर्माता म्हणेल, चार भागांत आटपा. आटपलं नाही म्हणून परतीचा भाग इतका अंगावर येतो.

श्पिरीच्या गोष्टीत ताकाहातांनी काही फेरफारही केले. कादंबरीत प्रार्थना आणि देवावरची श्रद्धा जागोजागी आहे, ती मालिकेत पुष्कळ मागे गेली. कादंबरीतला पीटर मत्सरापोटी क्लाराची खुर्ची कड्यावरून लोटून देतो, मालिकेतला पीटर असं काही करत नाही. आणि योसेफ नावाचा तो सुस्त सेंट बर्नार्ड कुत्रा कादंबरीत नाहीच. हे बदल काही युरोपीय वाचकांना खटकतात. श्रद्धेचा भाग कमी केल्याने आजोबांचा बदल थोडा फिका पडतो, हे मलाही मान्य आहे. पीटरच्या बाबतीत मात्र मालिका मूळ पुस्तकापेक्षा समजूतदार वाटते.

क्लारा आधी उभी राहते, मग एक्कावन्नाव्या भागात चालते. ती उभी राहते तेव्हाचा हायडीचा आनंदाचा उद्गार जपानमध्ये म्हणीसारखा वापरला जातो.

त्याच वर्षी ६ ऑक्टोबरला दुसऱ्या वाहिनीवर, नेमकी त्याच वेळी, 'अंतराळयुद्धनौका यामातो' सुरू झाली. घरोघरी एकच टीव्ही आणि रेकॉर्ड करायची सोय जवळपास नाही. हायडीने यामातोला असं दाबलं की ३९ भागांची योजना २६ वर आणून गुंडाळावी लागली. यामातोचे दिवस पुढे पुनःप्रक्षेपणात आले आणि मग तिने इतिहास घडवला. दोन्ही मालिका आज अभिजात म्हणून ओळखल्या जातात, पण त्या वर्षीच्या रविवारी मुलांनी शेळ्यांच्या बाजूने कौल दिला होता.

कंपनी फुटली, हायडी वाचली

अंथरूण पाहून पाय पसरायची झुइयोची रीत नव्हती, हे परदेशवारीवरूनच कळतं. कर्ज वाढलं. जून १९७५ मध्ये निर्मितीचं काम करणारी मंडळी वेगळी निघाली आणि 'निप्पॉन अॅनिमेशन' ही नवी संस्था उभी राहिली. 'फ्लँडर्सचा कुत्रा' आणि 'आईच्या शोधात तीन हजार कोस' अशा मालिका तिच्याच नावावर लागल्या. जुन्या झुइयोकडे कर्ज उरलं आणि हायडीचे हक्क उरले. म्हणूनच निप्पॉन अॅनिमेशनच्या जागतिक साहित्यावरच्या प्रसिद्ध मालिकांच्या यादीत हायडी कधी असते, कधी नसते. ज्यांनी ती बनवली त्यांच्या नव्या कंपनीची ती नाही.

ही वाटणी तेव्हा दुर्दैवी वाटली असेल. माझ्या मते हायडी वाचली ती याच वाटणीमुळे. मोठ्या निर्मितीगृहात जुनी मालिका म्हणजे यादीतली एक ओळ. नवं काम सतत येत असतं आणि जुन्या डब्यांकडे लक्ष जातं ते गोदामाचं भाडं वाढल्यावर. झुइयोकडे दुसरं मोठं भांडवल नव्हतं. हायडीची निगेटिव्ह सांभाळणं, परदेशी विकणं, तिच्या चित्राचे परवाने देणं, कुणी नक्कल केली की मागे लागणं, हाच झुइयोचा धंदा झाला. भावनेपोटी जपलेल्या वस्तू एका पिढीत संपतात. पोटापाण्याची वस्तू मात्र माणूस रोज पुसून ठेवतो.

उलट उदाहरण पाहायचं तर फार लांब जायला नको. डोरेमॉनची पहिली मालिका एप्रिल १९७३ मध्ये निप्पॉन टीव्हीवर आली आणि सप्टेंबरमध्ये संपली. म्हणजे हायडीच्या जेमतेम काही महिने आधी. बनवणारी कंपनी मालिका संपतानाच बंद पडली. माणसं पांगली, साहित्य विखुरलं. १९७९ मध्ये टीव्ही असाहीवर नवा डोरेमॉन आला आणि असा गाजला की जुना पुन्हा दाखवायची निकड कुणाला उरलीच नाही. आज ती पहिली मालिका सलग कुठेही पाहायला मिळत नाही. पात्र तेच, लोकप्रियतेत हायडीच्या कितीतरी पुढे, आपल्याकडच्या पोरांनाही पाठ. पण त्या २६ आठवड्यांना वाली राहिला नाही. पात्र जगणं आणि विशिष्ट चित्रफीत जगणं या दोन निराळ्या गोष्टी आहेत, हे या जोडीइतकं स्वच्छ कुठेच दिसत नाही.

जाता जाता: हायडीतल्या पीटरला आवाज देणाऱ्या नोरिको ओहारा यांनीच पुढे १९७९ पासून २००५ पर्यंत जपानी नोबिताचा आवाज दिला. २०२४ च्या जुलैमध्ये त्या गेल्या.

नेमकं काय जपायचं?

'मालिका जपली' असं म्हणताना बहुतेकांच्या मनात फिल्म असते. टीव्हीवरचे स्टुडिओतले कार्यक्रम तेव्हा महागड्या व्हिडिओ टेपवर होत आणि टेप पुन्हा वापरायची म्हणून पुसले जात. जपानमधलेच असे कितीतरी कार्यक्रम कायमचे गेले. कार्टून फिल्मवर चित्रित होत असल्याने त्या पुसापुशीतून सुटलं. म्हणून निगेटिव्ह हातात असली तर पन्नास वर्षांनीही तिच्यावरून नवी, स्वच्छ प्रत काढता येते. फिरून आलेल्या प्रिंट्सची गोष्ट वेगळी. त्यांवर ओरखडे असतात, आणि निळसर रंग उडून सगळं तांबूस दिसायला लागतं. हिरव्यागार कुरणांच्या मालिकेला तर ते मारकच.

स्वच्छ प्रत काढताना खरी डोकेदुखी होते ती कुठे थांबायचं याची. सेल म्हणजे पारदर्शक पत्र्यांवर रंगवलेली चित्रं. ती पार्श्वभूमीवर ठेवून वरून फोटो घेतले जात. मध्ये धुळीचा कण अडके, पत्र्याची पुसट सावली खालच्या चित्रावर पडे, रंगाच्या कडा थरथरत. संगणकावर हे सगळं पुसता येतं. पुसायला घेतलं की पेन्सिलीच्या रेषेचा खरखरीतपणाही त्याच्यासोबत जातो आणि हायडीचा गाल प्लास्टिकचा दिसू लागतो. नंतर आलेले ओरखडे काढावेत, पण चित्रीकरणाच्या टेबलावर पडलेली धूळ राहू द्यावी, असं माझं मत आहे. ती धूळ १९७४ चीच आहे.

सेल स्वतः टिकवणं त्याहून अवघड. काम झालं की ते कचऱ्यात जायचे किंवा हौशी मुलांना वाटून टाकले जायचे. जे उरले त्यांतलं अॅसिटेट नावाचं प्लास्टिक हळूहळू विघटित होतं, पत्रा वाकडा होतो, रंग एकमेकांना चिकटतात आणि व्हिनेगरचा आंबट वास सुटतो. अॅसिटेट फिल्मलाही हाच रोग. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयातल्या माणसांना या वासाची नव्याने ओळख करून द्यायला नको. थंड आणि कोरडी खोली हाच काय तो उपाय, आणि तोही रोग लांबवण्यापुरता.

कागद मात्र चिवट निघाला. लेआउट, पात्रांची रेखाटनं, टिपणं यांना त्या काळी सेलइतकीही किंमत नव्हती, कारण त्यांत रंग नव्हता. पण बनवणारी माणसं पुढे मोठी झाली आणि त्यांच्या कागदांना भाव आला. २००५ मध्ये मिताकाच्या घिबली संग्रहालयात हायडी बनवणाऱ्यांच्या कामावरच प्रदर्शन भरलं. ताकाहाता एप्रिल २०१८ मध्ये गेले. पुढच्याच वर्षी टोकियोच्या राष्ट्रीय आधुनिक कलासंग्रहालयात त्यांच्या सगळ्या कामाचं मोठं प्रदर्शन झालं आणि त्यात हायडीच्या डोंगराची छोटी प्रतिकृतीही मांडली होती. यातली गोम अशी की हे कागद वाचले ते त्यांच्या धन्यांच्या पुढच्या कीर्तीमुळे. मियाझाकी पुढे 'मियाझाकी' झाले नसते तर दर आठवड्याच्या त्या ३०० कागदांचं काय झालं असतं, याचा अंदाज करायला फार कल्पनाशक्ती लागत नाही. ज्यांनी सेल रंगवले, त्यांच्या कागदांना असं कुणी विचारलं नाही.

जर्मनीची हायडी जपानीच नाही

मालिका लवकरच परदेशी गेली. स्पेनमध्ये १९७५ पासून दिसली, जर्मनीत झेडडीएफ या वाहिनीवर १९७७ मध्ये, इटलीत १९७८ मध्ये. आफ्रिकान्स आणि अरबी भाषांतही तिचं डबिंग झालं.

जपानी आवृत्तीचं संगीत ताकेओ वातानाबे यांचं. सुरुवातीचं गाणं कवयित्री एरिको किशिदा यांनी लिहिलं आणि त्यात मुलगी आजोबांना एकामागून एक प्रश्न विचारत सुटते. स्पॅनिशमध्ये तीच चाल ठेवून शब्द बदलले. जर्मनांनी मात्र संगीतच बदललं. ख्रिस्तियान ब्रून यांनी नवं संगीत दिलं, गिट्टी आणि एरिका या जोडीने शीर्षकगीत गायलं, आणि तेच गाणं जर्मनभाषकांच्या दोन-तीन पिढ्यांच्या डोक्यात बसलं. इटालियन शीर्षकगीतही त्याच चालीवर आलं. जर्मनीत कुणाला हायडी गुणगुणायला सांगितली तर जे कानावर पडेल ते टोकियोत कुणी ओळखणार नाही.

जपणूक करणाऱ्यापुढे इथे कोडं पडतं. चित्राची निगेटिव्ह एका मालकाकडे सुरक्षित आहे, पण जर्मन आवाज आणि जर्मन संगीत हे वेगळ्या टेपवर, वेगळ्या संस्थेकडे, वेगळ्या हक्कांखाली. जितक्या भाषा तितकी कपाटं. चित्र कितीही स्वच्छ करा, ज्या माणसाला बालपण परत हवंय त्याला ते त्याच्या भाषेतल्या त्या जुन्या, किंचित चिरक्या आवाजासकटच हवं असतं. मोठ्या देशांच्या वाहिन्यांनी आपापल्या टेप बऱ्यापैकी सांभाळल्या. लहान भाषांतल्या डबिंगचं भवितव्य एखाद्याने घरी रेकॉर्ड केलेल्या कॅसेटवर अवलंबून असतं.

आपल्याला हे परकं वाटायचं कारण नाही. हायडीच्या फाळणीतून निघालेल्या त्याच निप्पॉन अॅनिमेशनने १९८९ मध्ये मोगलीवर बावन्न भागांची मालिका केली. दूरदर्शनवर ती हिंदीत आली तेव्हा गुलजारांचे शब्द, विशाल भारद्वाजांची चाल आणि शेरखानला नाना पाटेकरांचा आवाज मिळाला. महाराष्ट्रातल्या एका अख्ख्या पिढीची ती मालिका म्हणजे हा आवाज आणि ते गाणं. जपानमधली मूळ निगेटिव्ह शाबूत असून आपल्याला काय उपयोग, नानांचा शेरखान असलेली टेप गेली तर? सुदैवाने २०२० च्या टाळेबंदीत दूरदर्शनने ती पुन्हा दाखवली, म्हणजे ऐवज घरात आहे.

थट्टा, सहली आणि नवी हायडी

श्पिरीच्या देशात या जपानी मुलीकडे बराच काळ जरा तिरक्या नजरेने पाहिलं गेलं. पर्यटक मात्र आधीच पोचले होते. माइनफेल्डजवळच्या 'हायडी गावा'त जपानी मंडळी वर्षानुवर्षं येताहेत, आणि जपानमध्ये यामानाशी प्रांतात फुलांच्या बागेचंच 'हायडीचं गाव' झालं. २०१९ मध्ये झुरिचच्या राष्ट्रीय संग्रहालयाने 'जपानमधली हायडी' याच विषयावर प्रदर्शन भरवलं. २०२३ मध्ये हायडी आणि योहाना श्पिरी यांच्याविषयीचे संग्रह युनेस्कोच्या जागतिक स्मृती नोंदवहीत गेले. लेखिकेच्या कागदांना मिळालेला हा मान आहे, पण हायडी जगभर पोचण्यात त्या बावन्न भागांचा वाटा किती मोठा, हे आता स्विस अभ्यासकही मोकळेपणाने सांगतात.

जपानमध्ये २०१२ पासून एका घरगुती शिकवणीच्या कंपनीने मालिकेचीच दृश्यं घेऊन, संवाद बदलून जाहिराती सुरू केल्या. आजोबा, पीटर, क्लारा सगळे परीक्षेबद्दल आणि मार्कांबद्दल बोलताना दिसतात. जुन्या चाहत्यांपैकी कित्येकांना हा पोरखेळ वाटतो. मला वाटत नाही. थट्टा जमायला मूळ गोष्ट सगळ्यांना ठाऊक असावी लागते, आणि ज्या मुलांना ती ठाऊक नव्हती त्यांना निदान चेहरे कळले. शिवाय परवान्याचे पैसे येतात, आणि थंड खोलीचं बिल पैशांनीच भरावं लागतं. १९७९ मध्ये जुन्या भागांची कापाकापी करून, ताकाहातांना बाजूला ठेवून एक चित्रपट जोडला गेला होता, त्यापेक्षा या जाहिराती मला कितीतरी कमी अपमानास्पद वाटतात. त्या निदान स्वतःला हायडी म्हणवून घेत नाहीत.

२०१५ मध्ये युरोपात स्टुडिओ १०० ने याच मालिकेवरून संगणकावर केलेली नवी हायडी आणली. चकचकीत आहे, झपाझप पुढे सरकते, लहान मुलं आनंदाने पाहतात. तिच्यात वाईट असं काही नाही, पण चीज वितळताना तिथे कुणी थांबत नाही.

घरातल्या पाच-सहा वर्षांच्या मुलाला जुनी हायडी दाखवायची असेल तर पहिले तीन भाग एका बैठकीत दाखवा आणि मधलं फ्रँकफर्ट कंटाळवाणं वाटलं तरी उड्या मारून पुढे नेऊ नका. पंचविसाव्या भागाच्या आसपास मूल 'ती घरी कधी जाणार?' असं विचारायला लागतं. उत्तर सांगायचं नाही. अजून नऊ भाग आहेत.